एकोणपन्नास ओठांत बसत नाही

आरामनगरच्या मागे, पिठाच्या गिरणीवरच्या मजल्यावर
फोम लावलेल्या खोलीत
आज मी मेलेल्यांना वाट दाखवतो.
कोरियन सिनेमा. काळा कोट, टाय, हातात यादी.
हृषीनं आधी लिहिलं होतं ‘यमदूत’.
वरून निरोप आला, रेडा आठवतो, बदला.
मग ‘दूत’. मग ‘अधिकारी’.
तेव्हापासून माझा आवाज आपोआप
वॉर्ड ऑफिसच्या खिडकीतून यायला लागलाय.

गाइड ट्रॅक चुकून मंगोलियन आलाय.
म्हणजे ओठ कोरियन,
वर एका बाईचा मंगोलियन आवाज,
आणि खाली, विहिरीच्या तळाशी असावा तसा, मूळ नटाचा.
सगळ्यांचं तीच बोलते. अधिकाऱ्याचं, आईचं, बुडालेल्या पोराचं.
चिडत नाही, रडत नाही,
शेजारच्या घरी पत्र वाचून दाखवावं तसं.
रेमंड काचेपलीकडून म्हणतो, नवा ट्रॅक मागवू?
राहू दे म्हटलं.

लूप एकशे बारा.
“एकोणपन्नास दिवस आहेत तुझ्याकडे.”
पडद्यावरचं तोंड चारदा हलतं आणि मिटतं.
माझा ‘पन्नास’ बाहेर लोंबत राहतो
दारात अडकलेल्या धोतराच्या सोग्यासारखा.
हृषी फोनवर: “सात आठवडे” घे.
सात आठवडे गरोदर बाईला सांगतात रे.
मग “तेरा दिवस”? बसतंय.
बसतंय, पण मग सिनेमा
छत्तीस दिवस आधीच संपतो.

ती काय करते ते परत ऐकलं.
दोचिन-योस की काय. तिलाही पुरलेलं नाही,
पण ती ओठांची फिकीरच करत नाही,
तोंड मिटल्यावरही बोलत राहते.
आणि वाक्य संपल्यावर खोकते.
हळूच, बाजूला वळून.
कुणीतरी पुसायचं विसरलंय.

प्रमिलाताई अशीच खोकायची.
अठरा वर्षं एका माइकवर ती आई, मी मुलगा.
गेली ती दोन हजार वीसच्या मेमध्ये, चेन लावलेल्या पिशवीतून.
दहावं नाही, पिंड नाही,
कावळ्यांनाही बाहेर पडायला बंदी असावी तसं.
पण दुपारी अडीचला अजून लागते कधीकधी.
एका गोऱ्या बाईच्या तोंडून सुनेला हाकलते,
मगर शिरलेल्या बोटीत किंचाळते,
एकदा तर नर्स होऊन
जेवणाच्या ताटावर बसलेल्या मला म्हणाली,
“पेशंट आता धोक्याबाहेर आहे.”

टेक सहा.
अधिकारी पाठमोरा असतानाच सुरू केलं,
तो वळेपर्यंत ‘एकोण’ होऊन गेलेलं,
पन्नास त्याच्या तोंडात नीट मावले.
रेमंडनं हात वर केला.
कावळा आलाय मागे.
एसीच्या आउटडोअरवर बसलाय साला, परत घेऊ.

मी हेडफोन काढले नाहीत.
हाच ऐकव म्हटलं, तिच्या ट्रॅकसकट.
एकोणपन्नास दिवस आहेत तुझ्याकडे.
काव.
मग खोकला.

सातवा टेक स्वच्छ झाला. तोच लागेल.
पेमेंट नव्वद दिवसांनी.
जाताना म्हटलं, सहावा पुसू नको.
रेमंडनं कारण विचारलं नाही,
फाइलला नाव काय देऊ,
एवढंच विचारलं.