घरतांचा चेहरा

जलखात्यात अकरा वर्षं कारकुनी केलेल्या माणसाला
मेकअप लागत नसे.
थोडी पावडर, नाक चमकू नये म्हणून.
तीही मीच लावायचो, लायटी माझ्या होत्या.

चिंतामण घरत. काखेत फाईल, चष्म्याला दोरी.
रंगमंचावर यायचे ते रजेचा अर्ज घेऊन आल्यासारखे,
आणि पाणीकपातीचं परिपत्रक वाचायचे.
खरंखुरं. एक काना इकडचा तिकडे नाही.
‘सदर कालावधीत नागरिकांनी सहकार्य करावे.’
गिरगावातला तो हॉल, तीनशे खुर्च्या, चाळीस मोडक्या,
‘सहकार्य’ या शब्दाला फुटला.
घरत थांबले. वर पाहिलं,
कुणी रांग मोडून खिडकीशी आल्यासारखं.
मग म्हणाले, ‘पान दोन.’
संपलंच सगळं.

आणीबाणीत संहिता मंजुरीला मागवली.
त्यांनी बारा कोरे कागद पाठवले, पृष्ठांक घालून.
कोऱ्यावर हरकत कोण घेणार? शिक्का मिळाला.
त्या रात्री परळला ते कोरं वाचत उभे राहिले,
ओठ न हलवता.
सातव्या पानाशी चष्मा पुसला,
नवव्याशी मान हलवली, मागे जाऊन सहावं पुन्हा पाहिलं.
लोक खुर्च्यांवरून घसरत होते.
साध्या वेशातला हवालदार माझ्यापाशी आला,
‘मी लिहू काय? तो काही बोललाच नाही हो.’
तसंच लिहा, म्हटलं.
त्यानं लिहिलं, वाचलं, फिसकन हसला
आणि चटकन मागे वळून बघितलं.

पुढची वर्षं मला तितकी आवडत नाहीत.
पहिल्या रांगेत मंत्री यायला लागले.
आधी एक, मग त्याला पाहून दुसरा.
आपलं नाव आलं की मांडीवर थाप,
नाही आलं तर मध्यंतरात पीए:
साहेबांवर पण एखादं टाका की.
घरतांच्या कपाटात शाली मावेनात.
एकदा टॅक्सीत, भायखळ्याच्या पुलावर, ते म्हणाले,
‘दिगू, मी ह्यांना चावतोय
की ह्यांची पाठ खाजवतोय?’
चेहरा तोच. म्हणून मी हसलो.
तो विनोद नव्हता
हे मला शीव येईपर्यंत कळलं नाही.

पुढच्या प्रयोगाला म्हणाले,
आज उजेड माझ्यावर नको, त्यांच्यावर.
मी स्पॉट फिरवला.
अंधारात तो सपाट आवाज, उजेडात चार मंत्री.
हसू तसंच धरून माणूस किती वेळ बसू शकतो?
मी मोजलं. चाळीस सेकंद.
मग गालाला कळ लागते, आणि खालचा माणूस दिसतो.

त्यानंतर आम्हाला तारखा मिळेनात.
कधी हॉलला रंग चाललेला, कधी वायरिंग.

मग झटका. केईएमच्या तिसऱ्या मजल्यावर
त्यांची डावी बाजू गेली,
तोंड उजवीकडे वर ओढलं गेलं.
तीस वर्षं न हललेला चेहरा
कायमचा हसू लागला.
नर्स म्हणायची, आजोबा फार खुशीत असतात.

चौघांपैकी एक भेटायला आला,
सफरचंदं आणि फोटोग्राफर घेऊन.
‘घरतसाहेब, आज लोकशाहीला तुमच्यासारख्यांची…’
घरत बघत राहिले, त्या अर्ध्या हसण्यानं.
वाक्य अडलं. त्यानं पुन्हा सुरू केलं,
पुन्हा तिथंच अडलं.
‘हसताय कशाला?’
पिशवी ठेवून निघून गेला. फोटो राहिलाच.

घरतांनी उजव्या बोटानं मला खुणावलं.
मी कान नेला.
‘पा… दो…’
पाणी हवंय, मला वाटलं. ग्लास घेऊन धावलो.
व्हरांड्यातला नळ कोरडा.
वर कागद चिकटवलेला, शिक्क्यासकट:
सहकार्य करावे.

तिथं ग्लास हातात धरून उभ्या उभ्या
मला कळलं
ते पाणी म्हणाले नव्हते.