अर्धा इंच

कापड असलंच पाहिजे, मंडळानं बजावलंय,
निर्माता म्हणाला, आणि माझ्या मशीनवर पाच तागे आदळले.

त्याआधी कापडाचा प्रश्नच नव्हता.
बोम्बा म्हणायचे त्या सिनेमांना.
भलत्याच रिळात मध्येच एक तुकडा घुसायचा
आणि थिएटरातला खोकलासुद्धा थांबायचा.
मग लष्करी राजवट आली, रात्री बाराला मनिला मिटायला लागली,
उघडं अंग गुन्हा ठरलं.
ओलं अंग मात्र नियमात बसत होतं.

तर मी, इलुमिनाडा, साम्पालोकच्या गल्लीतली शिंपीण,
बादली भरून बसले.
मांजरपाट बुडवला: मुका.
पॉपलीन बुडवलं: धड खरं बोलेना, धड खोटं.
वायल बुडवली, हातावर पसरली,
आणि शीर न् शीर, इस्त्रीनं भाजल्याचा जुना डाग,
सगळं वर आलं.
"हेच," तो म्हणाला.
माझ्या हाताकडे तो बघतच नव्हता.

तेओफिस्ता सामार बेटावरून आलेली, तेविशीची.
पडद्यासाठी तिला कुठल्याशा परदेशी अत्तराचं नाव दिलेलं,
तिच्या जिभेला ते वळत नव्हतं.
मापं देताना ती छताकडे बघायची
आणि तांदळाच्या भावाबद्दल बोलत राहायची.
एकदा भाव सांगता सांगताच म्हणाली,
आलिंग लुमिंग, छातीपाशी आतून एक पदर लावाल?

लावला. पिठाच्या पोत्याचा,
धुऊन धुऊन लोण्यासारखा झालेला.
टाके इतके बारीक, की माझे मलाच दिसेनात.

लगुनाच्या ओढ्यात पहिल्याच शॉटला बिंग फुटलं.
पाणी पडलं, शमीज भिजली, आणि दिसलं नुसतं कापड.

त्या रात्री कंदिलापाशी मी ते अस्तर उसवलं.
ती शेजारी टॉवेल लपेटून,
निघालेला दोरा बोटाला गुंडाळत.
कुणी काही बोललं नाही.
नाही, ती बोलली होती. "टाके छान होते."

त्याच ताग्यातली उरलेली वायल
मे महिन्यात मरियामातेच्या मिरवणुकीतल्या झग्याला लागली.
फादर ओल्या शमिजींवर कडाडले.
पुढची तीन बाकं माना डोलवत होती,
त्यांना मी मंगळवारी अवेनिदावरच्या तिकिटांच्या रांगेत पाहिलेलं,
ऊन नाही, पाऊस नाही, छत्र्या मात्र नाकापर्यंत.

अस्तर माझ्याकडेच राहिलं.
नारळाचं दूध गाळायला बरं पडतं.

परवा विद्यापीठातून एक बाई आली, रेकॉर्डर घेऊन.
ते बंड होतं की शोषण, तिनं विचारलं.
वायल होती, मी म्हटलं, पन्हा चाळीस इंची.
ती हसली. मग तशीच वाट बघत बसली.

काय सांगू?
छाती-कंबर अख्ख्या शहराला पाठ होती,
चार मजली भिंतीवर रंगवलेली.
माझ्या वहीत एकच माप जास्तीचं आहे:
डावा खांदा अर्धा इंच खाली.
गावच्या झऱ्यावरून वर्षानुवर्षं पाणी वाहून.
म्हणून डावा पट्टा मी अर्धा इंच आखूड शिवायचे,
प्रत्येक शमिजीला.

इतक्या डोळ्यांनी तिला इतकं बघितलं,
एकाच्याही ध्यानात आलं नाही.