प्रतिवादी क्रमांक तीन

एकेचाळीस वर्षं मी ह्या कठड्याच्या अलीकडे उभा राहिलो
आणि पलीकडच्यांना सांगत आलो,
विचारलं तेवढंच बोला.
आज शिपाई पुकारतो,
मधुकर ग्यानोबा तोंडचिरकर, हाजीर है का?
आणि माझे हात उगाच कोटाच्या गुंड्यांशी जातात.
गळ्यातला पांढरा बँड ठेवावा की काढावा
हे कुठल्या कलमात आहे, आठवत नाही.

गुन्हा एवढाच,
की उदगीर वकील संघाच्या निवडणुकीला सगळे एकमुखानं म्हणाले,
काका कुणाचेच नाहीत,
त्यांनाच करा निवडणूक अधिकारी.
मलाही तेव्हा ती पदवीच वाटली.

मतं दोनशे पंचवीस.
बाररूमचा कॅरमबोर्ड उलटा घालून त्यावर गठ्ठे लावले.
सुनंदा हुडे, एकशे बारा.
माणिक बिराजदार, एकशे बारा.
आणि उरलेला एक कागद,
शिक्का दोन नावांमधल्या रेघेवर पडलेला,
पडलेला कसला, फरफटत गेलेला,
निळ्या शाईची शेपटी खाली वळलेली.
नियम वाचला. चष्मा पुसला. परत वाचला.
बाद, असं लिहिलं.

मग चिठ्ठी.
चहावाल्या इस्माईलची दुसरीतली पोर बोलावली,
माझ्याच जेवणाच्या डब्यातून तिनं हुडेबाईंचं नाव काढलं
आणि विचारलं, आता मी जाऊ?
दाव्याच्या परिच्छेद नऊमध्ये आलंय,
सदर चिठ्ठीवर लोणच्याच्या तेलाचा डाग असून
ती ओळखता येण्याजोगी होती.
डाग होता. लोणचं आमच्या हिचं.

गंमत बघा,
सव्वादोनशे वकिलांच्या गावात मला वकील मिळेना.
अर्धे साक्षीदार, अर्धे नाराज,
दोघे-चौघे म्हणाले, काका, आमचं नाव नका घेऊ.
शेवटी अहमदपूरहून एक पोरगा आणला.
त्याला मी विचारतो, साहेब, पुढची तारीख कधीची?
आणि माझाच आवाज मला
हाळीच्या, देवर्जनच्या, वाढवण्याच्या पक्षकारांसारखा ऐकू येतो,
ज्यांना मी फाइलीतून डोकं वर न काढता म्हणायचो,
कळवतो ना.

बिराजदारांचा वकील विचारतो,
शिक्क्याचा जास्त भाग कुणाच्या चौकटीत होता?
मी म्हणतो, मोजला नाही.
हे खरं नाही. मोजला होता, नखानं.
तो म्हणतो, ते मत कुणाचं, तुम्हाला माहीत होतं?
मी म्हणतो, मतदान गुप्त असतं.
हे खरं आहे.
आणि एवढंच खरं पुरत नाही, हे मला
दुसऱ्यांच्या चाळीस वर्षांच्या साक्षींवरून माहीत आहे.

खतीबसाहेब वकालतनाम्यावर सही करतात
तेव्हा डाव्या हातानं उजवं मनगट दाबून धरतात.
निजामाच्या काळातले उर्दू फेरफार
तालुक्याला वाचून दाखवणारा हा हात,
आता कागदावर टेकायच्या आधीच निघून जातो.
त्या दिवशी डाव्या हातात काठी होती.
मनगट धरायला कुणी नव्हतं.
मी तीन पावलांवर होतो,
आणि नियमाप्रमाणे तोंड फिरवून उभा होतो.

न्यायाधीशांनी पाकिटाची लाख फोडली,
कागद खिडकीच्या उजेडात धरला, बराच वेळ.
मग म्हणाल्या, सतरा तारीख.
हुडेबाईंची मुदत मार्चात संपते,
युक्तिवाद जूनच्या आत होत नाही.
दोन्ही पक्ष कँटीनला एकाच बाकावर बसले,
बिलावरून तेवढा वाद झाला,
मी देतो, मी देते.

बाहेर खतीबसाहेब भेटले.
तोंडचिरकर, म्हणाले, ते बाद मत कोणाचं निघालं हो?
ज्यानं कुणी दिलं, लई गाफील माणूस दिसतो.
मी म्हटलं, गुप्त असतं साहेब.
हो, हो, ते तर आहेच, म्हणाले,
आणि बशी ओठाशी न्यायला
डाव्या हातानं उजवं मनगट धरलं.
काठी सुटून फरशीवर आपटली.
सगळा व्हरांडा वळून बघायला लागला.
मी वाकून उचलली.