काठी

इगतपुरीहून परतून आठवडाही झाला नव्हता.
दहा दिवस तोंडातून शब्द नाही.
नाकाच्या शेंड्याशी बसून
श्वास येताना पाहायचा, जाताना पाहायचा, बस्स.
सहाव्या दिवशी मांडीवरून मुंगी गेली,
तिलाही वाट दिली.
(घरी आल्यावर ही मुंगी मी दोनदा सांगितली.)

शुक्रवारी सकाळी म्हसरूळच्या आमच्या गल्लीत
बिबट्या शिरला.
गजपंथाच्या डोंगराकडून, द्राक्षांच्या मळ्यांतून आला म्हणे.
दुधाच्या पिशव्या दारांना तशाच लटकत राहिल्या.
गच्च्या भरल्या, मोबाईल वर झाले,
कोणी फटाके काढले, कोणी विटा.
तो झुणकर सरांच्या पार्किंगमध्ये
स्कूटर आणि भिंत यांच्यामधल्या फटीत
अंग चोरून.

आधी एक आवाज होता, मग शंभर,
मग त्यांत एक ओळखीचा,
घसा फाटेस्तोवर:
ठेचा त्याला, ठेचा!
कोण ओरडतंय म्हणून वळून पाहावं
तर तो माझ्याच छातीतून येत होता.
हातात काठी. कुठून आली, ठाऊक नाही.
आणि खोटं कशाला बोलू,
बरं वाटत होतं.
कानशिलं तापलेली, पाय हलके,
अकरा वर्षांत पहिल्यांदाच
सगळी गल्ली माझी सोयरी.

वनखात्याचा पोरगेलासा गवारे गुडघ्यावर टेकला.
फुस्स, एवढंच.
मग जाळीत घालून चौघांनी ओढत आणला,
माझ्यापासून दोन हातांवर ठेवला.
जीभ बाहेर, मिशांना कोळिष्टकं.
पोट वर येई.
खाली जाई.
वर येई.

मी पाहत राहिलो.
दहा दिवसांत एकही श्वास
इतका सबंध पाहिला नव्हता.

काठी शिंपीवहिनींची निघाली, कपडे वाळत घालायची.
द्यायला गेलो तर म्हणाल्या,
राहू द्या हो आजची रात्र,
जोडीचा असला म्हणजे?
मीही फार आग्रह केला नाही.

पहाटे चारला आसन घातलं. डोळे मिटले.
दाराआड काठी.
नाकाच्या शेंड्याशी श्वास आला,
त्याला कसलासा उग्र वास होता,
ओल्या केसांचा, रात्रभर चालून आल्याचा.

उठलो नाही.
त्यालाही बसू दिलं.