तारखेची जागा

माझं दुकान शिवडीच्या दफनभूमीसमोर.
रस्ता ओलांडला की गिऱ्हाईक.
बाप म्हणायचा, या धंद्यात मंदी नाही, बस्त्याव,
आणि छिन्नीवरची भुकटी फुंकायचा.

एका अक्षराचे साठ रुपये,
काना, मात्रा, वेलांटी धरून.
जोडाक्षराला दीडपट.
म्हणून 'स्मरणार्थ' महाग पडतं,
लोक विचारतात, 'आठवणीत' चालेल का.
एकीने नवऱ्याच्या नावाआधीचं 'प्रेमळ' खोडलं,
बोटांवर हिशेब करून.
मी काही बोललो नाही.

दिगंबर तळपदे जिवंतपणीच आले.
गिरगावातून, टॅक्सीने, पांढरे बूट,
खिशात घडी घातलेला रक्ताचा रिपोर्ट.
वरळीला समुद्रासमोर बाकडं देणार होते,
त्यावर बसवायला पाटी, काळी, स्वतःच्या नावाची.
किती टिकेल?
पन्नास वर्षं, मी म्हटलं.
मग अजून खोल कोर.
म्हटलं, खाऱ्या वाऱ्याला खोली कळत नाही, साहेब,
तो कडेपासून खातो.
त्यांनी ऐकलं नाही. अर्धे पैसे आगाऊ ठेवले.

जन्म १९३१.
पुढे जागा कोरी.

दरवर्षी बघायला यायचे.
पाटीवरून हात फिरवायचे,
घोड्याच्या पाठीवरून फिरवावा तसा.
कारल्याचा रस, पहाटेचे चार किलोमीटर,
कुठल्याशा परदेशी गोळ्या,
उंदरांना लागू पडल्यात म्हणे.
तो उंदीर आहे का अजून? मी विचारलं.
खूप हसले. म्हणाले,
मरायचंच नाही असं नाही रे,
पण इतक्यात कशाला.
नव्वदीतही हेच म्हणाले.

मग आले नाहीत. एक दिवाळी गेली, दुसरी गेली.
फोन लावला. बाई म्हणाली,
आपण डायल केलेला क्रमांक अस्तित्वात नाही.
पुन्हा लावला. आवाज तोच, गोड,
ना दुखवटा, ना घाई.
गिरगावात गेलो तर इमारतीच्या जागी पत्रे,
पत्र्यांआड खड्डा, खड्ड्यात क्रेन.
वॉचमन नवा होता.

काळ्या दगडावरची रेघ म्हणतात ना,
ती मी रोज मारतो, मला तिचा भाव ठाऊक.
हा एवढा एक माणूस मारायचा राहिला.
तारीख कुणी कळवली नाही,
म्हणून माझ्या भिंतीला टेकून
तळपदे जिवंत.
पोऱ्या त्यांच्यावर चहाचा ग्लास ठेवायचा,
मी ओरडायचो.

मे महिन्यात जसिंता आली, दारूखान्यातून.
मुलगा. वय नऊ.
नोटा रबर लावून आणलेल्या,
सुटे पैसे रुमालात.
किती टिकेल, हे तिने विचारलं नाही.
म्हणाली, नेल्सन लिहा. नेलसन नको.
शाळेत नेहमी चुकवायचे.

तेवढ्यात नवा दगड बसत नव्हता.
मी पाटी उलटी केली.
दोन दिवस घासली.
सरका जरा साहेब, म्हटलं,
मोठ्याने म्हटलं बहुतेक,
पोऱ्या बघतच राहिला.
जोडाक्षराचे मी धरले नाहीत.

आता भिंतीलगतच्या रांगेत
नेल्सन वाऱ्याकडे तोंड करून आहे.
आधी मात्रा जाईल, ती बारीक असते.
त्याच्या पाठीशी सिमेंटमध्ये तळपदे,
त्यांनी सांगितले होते तितके खोल.
वारा नाही, मीठ नाही, ऊन नाही,
शंभर वर्षं सहज काढतील,
वाचायला कुणी नाही एवढंच.

जसिंता रविवारी येते,
ओल्या फडक्याने अक्षरं पुसते, एकेक.
मी सांगितलंय तिला,
पुसून पुसून झिजतं.
हो म्हणते,
आणि फडकं पिळून पुन्हा सुरुवात करते.