सोबतच्या सामानाची यादी

रोहडूच्या तहसिलीसमोर, देवदाराखाली माझं टेबल.
एक टाइपरायटर, त्याचा 'र' अर्धाच उठतो,
आणि सर आली की वर टाकायला खताची रिकामी पिशवी.

केदारसिंग चौहाननं फाल्गुनात ट्रक विकला,
तो कागद मीच टाइप केला.
घेणार जगमोहन झिंगटा, राहणार चिडगाव.
सोबत दिलेलं सामान: जॅक एक, स्टेपनी एक,
ताडपत्र्या दोन, पैकी एक फाटकी,
दोर बारा वाव, गणपतीची काचेवरची तसबीर.
आजपासून सर्व जबाबदारी घेणाराची.
हे वाक्य मी लिहीत नाही, बोटंच लिहितात.

मागे ताडपत्रीची घडी घालत होता
धनबीर रोकाया, जाजरकोटचा,
चौहानकडे चार हंगाम क्लीनर.
चहा सांगू का, एवढंच तो बोलला.
सह्या झाल्या. चावी या खिशातून त्या खिशात गेली.
आणि तो चढून बसला पुन्हा केबिनमध्ये,
ट्रकबरोबर.

भाद्रपदात खडापत्थरच्या उतारावर
मागे सरकणाऱ्या चाकाला दगड लावायला उतरला.
दगड टिकला नाही.
पेट्या बहुतेक शाबूत होत्या,
रात्रीच दुसऱ्या गाडीनं दिल्लीला गेल्या.

पबिसरा आली, पाठीवर पोर, हातात त्याची एक चप्पल.
पुरावा म्हणून आणली असावी, मी विचारलं नाही.
नुकसानभरपाईच्या अर्जात रकाना आहे:
मृताचा मालक कोण?
मी तिथे थांबलो. यंत्र गरम होतं, मी गार.

चौहान म्हणाला, मी तर विकून मोकळा.
झिंगटा म्हणाला, आरसी बघा, अजून त्याच्याच नावावर.
कंपनीचे वकील शिमल्याहून आले, मफलर गुंडाळून:
साहेब, पॉलिसी चौहानची, आणि चौहान मालक नाही.
मालक झिंगटा, आणि झिंगटाशी आमचा करार नाही.
दोन घरचा पाहुणा उपाशी म्हणतात.
इथे घरं तीन, आणि पाहुणा जेवणापलीकडे गेलेला.

वयाचा दाखला हवा होता. भरपाईच्या तक्त्यात
प्रत्येक वयासमोर एक आकडा असतो, वय वाढेल तसा घटणारा.
पबिसरा म्हणाली, पूल वाहून गेला त्या साली जन्मला.
कोणता पूल?
आमचा.

कागद लावताना मला पॉलिसीची पावती दिसली.
खालून तिसरी ओळ: क्लीनर, एक. पन्नास रुपये.
नाव नाही. फक्त एक.
त्या एकाचे पैसे घेतले होते कंपनीनं,
आणि तो एक कुणाच्या घरी जेवतो, विचारलं नव्हतं.
वकिलांना दाखवायला धावत गेलो, पेन टेबलावरच राहिलं.

कमिशनर साहेबांनी बराच वेळ चष्मा पुसला.
मग म्हणाले, ट्रक विकला म्हणून ट्रकवरचा माणूस
रस्त्यावरून कमी झाला का?
गाडी गेली तिकडे विमा गेला.
निकालाची प्रत मीच केली. धनबीर रोकाया:
दोन्ही शब्दांतला र पेनानं पुरा केला.

कंपनी अपिलात गेली आहे.
पैसे जमा आहेत, व्याजही चढतं म्हणतात.
पबिसरा कधी बागेत गवत कापते, कधी तारखेला येते,
पोर आता माझ्या टेबलाखाली रांगतं,
कार्बन पेपरनं हात काळे करून घेतं.

हल्ली कुणी गाडी विकायला आलं
की स्टेपनीनंतर मी विचारतो, गाडीवर कोण आहे?
नाव सांगा, बापाचं नाव सांगा.
परवा एक घेणारा हसला. म्हणाला,
माणूस काय जॅकबरोबर येतो? खोडा ती ओळ.

स्टॅम्पपेपर आहे, मी म्हणालो.
खोडाखोड चालत नाही.