फुटाला एक सूत

बीड ओतलं की पसरतं, निवलं की आकसतं.
म्हणून साचा घडवताना फुटाला एक सूत वाढीव धरायचं.
हे मला उद्यमबागेत कुणी शिकवलं नाही,
पहिल्या वर्षी परत आलेल्या पाच साच्यांनी शिकवलं.

शिंत्रे फौंड्रीला पंपाच्या घराचे अकरा साचे दिले,
सागवानाचे, कडांना उतार ठेवून,
वाळूतून अलगद सुटतील असे.
त्यांनी चेक दिला, एक लाख चौऱ्याऐंशी हजारांचा.
तो दोनदा परत आला.
दुसऱ्यांदा बँकेतल्या पोरानं
कागद न वाचताच शिक्का उचलला.

मग नोटीस, मग फिर्याद, मग तारखा.

पाचव्या तारखेला मी बेळगाव कोर्टाच्या व्हरांड्यात
बाकावर बसलो होतो.
डावा कान बँडसॉनं नेलाय, उजवा अर्धा उरलाय.
शिपायानं तीनदा पुकारलं म्हणे,
भरमाजी सुतार, बंदारेनू?
मी त्या वेळी बाकाचा सांधा बघत होतो.
कुसू सैल झालं होतं,
एक पाचर मारली असती तर बसलं असतं.
पाच्छापुरे वकीलबाई दुसऱ्या हॉलात
कुणाच्या तरी उलटतपासणीत अडकलेल्या.

हुकूम कन्नडात होता,
रंध्यातून सुटलेल्या ढलप्यांसारखी कुरळी अक्षरं.
झेरॉक्सवाल्यानं वाचून दाखवला, पैसे घेतले नाहीत.
फिर्यादी गैरहजर.
पुकारूनही आला नाही.
सबब आरोपी निर्दोष.

मी म्हटलं, बाई, साहेबांना सांगा, मी होतो.
चला, बाक दाखवतो.
त्या म्हणाल्या, ज्या हातानं हुकूम लिहिला
त्या हाताला तो पुसता येत नाही, भरमाजी.
आता धारवाड. हायकोर्ट.
आणि का आला नाहीत ते शपथेवर लिहायचं.
'आलो होतो, असं लिहा की.'
बराच वेळ त्यांनी पेनाचं टोपण लावलं, काढलं.
'दाराबाहेर बसून ऐकू आलं नाही,
हे खरं आहे, पण तिथं पोचेपर्यंत
लहान होतंय ते.
ताप होता, असं लिहू. दाखला मिळतो.'

मी खिशातली पट्टी चाचपली,
आमची, साच्यांची,
जिच्यावरचा फूट फुटापेक्षा मोठा असतो.
सही केली. मराठीत.
तिच्याखाली छापलेलं होतं,
मजकूर वाचून दाखवला, समजला.
समजला होताच.

कित्तूरच्या पुढं बसमध्ये एकजण
मांडीवर फाईल घेऊन झोपला होता,
तोंड उघडं, फाईल मात्र दोन्ही हातांनी धरलेली.
धारवाडात मला कुणी काहीच विचारलं नाही.
आमचं पुकारणं आलं आणि दोन मिनिटांत संपलं.
पाच हजार कायदा सेवा समितीत भरायचे,
मग खटला जुन्या नंबरावर परत.
सात महिने निर्दोष असलेला शिंत्रे पुन्हा आरोपी झाला,
आणि मी, सात महिने कुठंच नसलेला,
पुन्हा फिर्यादी.

आता तारखेला मी बसत नाही.
कोर्टहॉलच्या चौकटीला खांदा लावून उभा राहतो,
उजवा कान आत.
चौकट चांगली आहे, जुनी, मत्तीच्या लाकडाची.
शिपाई ओळखतो. पुकारायच्या आधी
माझ्याकडे बघून मान हलवतो.
बाकाला अजून पाचर मारलेली नाही.

परवा अनगोळला घरी, कागद लावता लावता
मालनच्या हाती तो दाखला लागला.
'तीन दिवस अंथरुणाला खिळून होता, लिहिलंय.
कधी ओ?
आणि पेज कुणी करून दिली?'

मी रंधा मारत होतो.
ऐकू आलं नाही असं केलं.
ती उजव्या बाजूला उभी होती.